भिंतीला भोक पाडण्यापूर्वी

दसरा आटोपून दिवाळी जवळ आली की माझ्या दवाखान्यात दोन प्रकारचे रुग्ण हमखास वाढतात. एक, फराळाच्या कढईतील तेलाने भाजलेले आणि दुसरे, घर सजवता सजवता जखमी झालेले. भाजण्याविषयी आपण वेळोवेळी ऐकत-वाचत असतो. दुसऱ्या प्रकाराविषयी मात्र फारसे कोणी बोलत नाही. पडद्याची दांडी, देवघराची फळी, नवा टीव्ही, पाण्याचा फिल्टर, आकाशकंदिलाचा हूक, यांतले काहीही लावायचे म्हटले की भिंतीला भोक पाडणे आलेच. पूर्वी या कामासाठी सुताराला किंवा वायरमनला बोलवावे लागे. तो गिरमिटाने किंवा छिन्नी-हातोड्याने भोक पाडी आणि त्यात लाकडाची गिट्टी ठोकून देई. आता ड्रिल मशीन घरोघरी आले आहे. स्वतःचे नसले तर शेजाऱ्याकडून मिळते. काम सोपे झाले, ही चांगलीच गोष्ट आहे. परंतु सोपे झालेले काम निर्धोक झाले, असा आपला जो समज होतो तोच घातक ठरतो.

काही वर्षांपूर्वी एक एकोणीस वर्षांचा मुलगा माझ्याकडे आला होता. उजवा डोळा लाल, पापणी सुजलेली आणि त्या डोळ्याने अंधुक दिसत होते. त्याचे मामा वायरिंगची कामे करीत आणि सुटीत हा त्यांच्या हाताखाली जाई. तीन दिवसांपूर्वी मामा स्टुलावर चढून दाराच्या वर भोक पाडत होते. बिट आतल्या लोखंडी सळईला अडला. जागा बदलण्याऐवजी त्यांनी छिन्नी घेऊन तेच भोक रुंद करायला सुरुवात केली. जुन्या छिन्नीचे डोके ठोकून ठोकून पसरले होते. त्याची एक बारीक कपची उडाली आणि खाली उभ्या असलेल्या भाच्याच्या डोळ्यात गेली. त्याला टोचल्यासारखे झाले, थोडे पाणी आले आणि अर्ध्या तासात बरे वाटू लागले. घरच्यांनी गुलाबपाणी घातले. औषधाच्या दुकानातून कोणते तरी थेंब आणले. तीन दिवसांनी डोळा ठणकू लागला तेव्हा सगळे घाबरले.

मी त्याला त्याच दिवशी जिल्ह्याच्या ठिकाणी नेत्रतज्ज्ञांकडे पाठवले. एक्स-रेमध्ये लोखंडाचा कण डोळ्याच्या आत दिसला. शस्त्रक्रिया करून तो काढण्यात आला, पण तोवर आत जंतुसंसर्ग पसरला होता. डोळा राहिला, नजर मात्र गेली. समोर धरलेली बोटे मोजता येतील एवढेच त्याला त्या डोळ्याने दिसते. त्या दिवशी तो मला म्हणाला होता, "डॉक्टरसाहेब, भोक मी पाडतच नव्हतो. मी तर नुसता स्टूल धरून उभा होतो."

हे वाक्य मी विसरलेलो नाही. आजच्या लेखात सांगायचे आहे ते त्यातच आले आहे. भोक पाडायला दोन मिनिटे लागतात, तयारीला दहा. आणि ती तयारी मशीन धरणाऱ्या एकट्यासाठी नसून त्या खोलीत असणाऱ्या प्रत्येकासाठी असते.

डोळे : चष्मा दोघांना

भोक पाडताना विटेचे, गिलाव्याचे, टाइलचे किंवा लोखंडाचे कण वेगाने बाहेर उडतात. भोक डोक्याच्या वर असेल तर ते सरळ तोंडावरच पडतात. नंबरचा चष्मा किंवा गॉगल थोडेफार संरक्षण देतो, पण बाजूने आणि वरून कण आत शिरतातच. हार्डवेअरच्या दुकानात दोन्ही बाजूंनी बंद असलेला पारदर्शक प्लॅस्टिकचा चष्मा मिळतो. बिटांच्या एका संचापेक्षा तो महाग नसतो. असे दोन चष्मे घ्यावेत, एक काम करणाऱ्यासाठी आणि दुसरा स्टूल धरणाऱ्यासाठी. बाकीच्यांनी, विशेषतः मुलांनी, त्या वेळी खोलीत थांबू नये. लहान मुलांना ड्रिलचे भारी आकर्षण असते आणि ती अगदी जवळ येऊन वर तोंड करून पाहत राहतात.

छिन्नी वापरायची असेल तर तिचे डोके पाहून घ्यावे. ते भूछत्रासारखे पसरले असेल तर घासून सरळ करून घ्यावे, नाहीतर ती छिन्नी बाजूला ठेवावी. लोखंडावर लोखंड आपटले की उडणारी कपची लहान असते, पण तिचा वेग फार असतो. बुबुळाला भेदून ती आत जाते आणि बाहेरून जखम जवळपास दिसतही नाही. म्हणूनच अशा वेळी दुखत नाही, दिसतेही आहे, तेव्हा काही झालेले नाही, असे समजणे ही सर्वांत मोठी चूक होय.

वीज : भिंतीच्या आत काय आहे?

जुन्या घरांत वायरिंग लाकडी पट्टीवरून भिंतीच्या बाहेरून जाई, त्यामुळे ती डोळ्यांना दिसे. आजच्या घरांत ती गिलाव्याच्या आड पाइपमधून जाते. फिरता बिट या वायरला लागला तर शॉक बसू शकतो, ठिणगी उडू शकते, आगही लागू शकते. आपल्या घरात २३० व्होल्टची वीज असते. हृदयाचे ठोके बिघडवायला पन्नास ते शंभर मिलिअँपिअर एवढा प्रवाह छातीतून जाणे पुरेसे असते. जुन्या साठ वॉटच्या दिव्यातून याच्या दुपटीहून अधिक प्रवाह जातो. यावरून धोका किती जवळ आहे, हे ध्यानात यावे.

वायर साधारणपणे स्विचबोर्ड, प्लग किंवा दिव्याच्या होल्डरपासून सरळ वर, सरळ खाली अथवा आडवी गेलेली असते. म्हणून बोर्डाच्या वर-खाली आणि त्याच्या दोन्ही बाजूंच्या सरळ रेषेत भोक पाडू नये. पण हा अंदाज झाला, खात्री नव्हे. कित्येक घरांत वायरमनने जवळचा मार्ग म्हणून वायर तिरकी नेलेली असते. तेव्हा उत्तम उपाय असा की ज्या खोलीत काम करायचे त्या खोलीचा एमसीबी खाली पाडावा आणि मशीनसाठी दुसऱ्या खोलीतून वायर ओढून घ्यावी. बॅटरीवर चालणारे मशीन असेल तर मेन स्विचच बंद करता येतो. एमसीबी पाडण्याआधी त्या खोलीतील दिवा आणि पंखा चालू ठेवावा, म्हणजे आपण योग्य तोच एमसीबी पाडला का हे लगेच कळते. प्लगवर वेगळा एमसीबी असू शकतो, तोही पाहून घ्यावा.

येथे एक गैरसमज दूर करणे जरूर आहे. एमसीबी आहे म्हणजे शॉकची भीती नाही, असे अनेकांना वाटते. एमसीबी वायरला वाचवतो, माणसाला नव्हे. माणसासाठी आरसीसीबी नावाचे वेगळे उपकरण असते. तीस मिलिअँपिअरच्या आसपास वीज गळू लागली की ते निमिषात पुरवठा तोडते. त्यावर तपासणीचे एक बटन असते. ते अधूनमधून दाबून उपकरण पडते की नाही हे पाहावे. आपल्या घरात ते नसेल तर या दिवाळीला ते बसवून घ्यावे, असे मी आग्रहाने सांगेन.

बाथरूम आणि स्वयंपाकघराच्या भिंतीत पाण्याचे पाइप असतात. नळाच्या व गिझरच्या वर-खाली भोक पाडू नये. ओल आलेल्या भिंतीवर, ओल्या फरशीवर उभे राहून किंवा ओल्या हातांनी मशीन चालवू नये. पायांत रबरी तळाची चप्पल किंवा बूट असावा. मशीनची वायर सोललेली असेल आणि तिला नुसती चिकटपट्टी गुंडाळलेली असेल, तर ते मशीन शेजाऱ्याला परत करावे.

आणि एक गोष्ट. भोक पाडताना काही झाले नाही तरी नंतर बसवलेला लांब स्क्रू वायरला टेकू शकतो. मग पडद्याच्या लोखंडी दांडीत किंवा फोटोच्या खिळ्यात वीज उतरते आणि महिन्याभराने दांडी पुसणाऱ्या गृहिणीला शॉक बसतो. भिंतीवरच्या एखाद्या धातूच्या वस्तूला हात लावल्यावर मुंग्या आल्यासारखे झाले तर तो वातविकार समजू नये, वायरमनला बोलवावे.

स्टूल, शिडी आणि पडणे

भोक पाडताना होणाऱ्या दुखापतींपैकी माझ्याकडे सर्वांत जास्त येतात त्या पडण्याच्या. प्लॅस्टिकची खुर्ची, उलटा डबा, एकावर एक ठेवलेली दोन स्टुले, काय वाटेल त्यावर माणसे चढतात. मशीन भिंतीवर दाबावे लागते तेव्हा तेवढाच जोर उलटा आपल्या अंगावर येतो, आणि बिट एकदम आत गेला की तोल पुढे जातो. बिट सळईत अडकला तर मशीनच हाताला हिसका देते. म्हणून पाय टेकायला रुंद, सपाट आणि न डुगडुगणारी जागा हवी. रंगाऱ्यांचा घोडा असतो तो सर्वांत बरा. भिंतीला टेकवायची शिडी असेल तर उंचीच्या चौथ्या भागाइतका तिचा पाय भिंतीपासून दूर ठेवावा. भोक छातीच्या उंचीवर येईल इतके वर उभे राहावे. हात ताणून, टाचा उंच करून मशीन चालवू नये. मशीनला बाजूची मूठ असेल तर ती लावून दोन्ही हातांनी धरावे.

साठी ओलांडलेल्या वाचकांना माझी विनंती आहे की वर चढण्याचे काम त्यांनी तरुणांवर सोपवावे. ज्यांना रक्त पातळ होण्याच्या गोळ्या चालू आहेत त्यांना डोक्याला लागलेला साधा मारही महागात पडतो. आत हळूहळू रक्त साचते आणि काही दिवसांनी, प्रसंगी काही आठवड्यांनी, डोके दुखणे, गुंगी, बोलण्यात गोंधळ अशी लक्षणे दिसू लागतात. अशा व्यक्तीच्या डोक्याला मार लागला तर वरून काही दिसत नसले तरी डॉक्टरांना त्याच दिवशी दाखवावे.

धूळ : दिसते ती आणि न दिसणारी

वीट, वाळू, काँक्रीट, ग्रॅनाइट यांत सिलिका नावाचे द्रव्य असते. त्याची जी धूळ आपल्याला दिसते ती नाकात अडकते. जी दिसत नाही ती फुफ्फुसात खोलवर जाते आणि तेथेच राहते. वर्षानुवर्षे ती छातीत गेली की सिलिकोसिस होतो. या रोगात फुफ्फुसावर पडलेले व्रण पुसून टाकणारे औषध नाही. मध्य प्रदेशातील मंदसौरचे पाटीवरच्या पेन्सिली करणारे कामगार आणि गुजरातेतील खंभातचे अकीक दगड घासणारे कारागीर या रोगाने किती पोळले, हे वैद्यकशास्त्राच्या पुस्तकांत नोंदलेले आहे. घरात वर्षातून चार भोके पाडल्याने सिलिकोसिस होत नाही, हेही स्पष्ट सांगतो. पण जो वायरमन किंवा फिटर रोज हेच काम करतो त्याची गोष्ट वेगळी आहे. घरातील दमेकऱ्याला तर एका भोकाची धूळही त्रास द्यायला पुरेशी होते.

उपाय साधे आहेत. भोकाच्या खाली कागदाचे पाकीट चिकटपट्टीने लावावे, बरीचशी धूळ त्यातच पडते. खिडक्या उघड्या ठेवाव्यात. पंखा मात्र बंद ठेवावा, नाहीतर धूळ घरभर होते. नाकाला रुमाल बांधून बारीक धूळ अडत नाही. करोनाच्या काळात घरोघरी आलेला एन-९५ मास्क यासाठी योग्य आहे. काम झाल्यावर कोरड्या केरसुणीने झाडू नये, ओल्या फडक्याने पुसावे.

दोन ठिकाणी विशेष सावध राहावे. पहिले म्हणजे छपराचे सिमेंटचे पत्रे. त्यांत ॲस्बेस्टॉसचे तंतू असतात आणि ते श्वासावाटे गेल्यास पुढे कर्करोग होऊ शकतो. अशा पत्र्याला मशीनने भोक पाडू नये. अगदी अटळ असेल तर पत्रा ओला करून, हाताच्या गिरमिटाने, मास्क लावून काम करावे. दुसरे म्हणजे जुन्या दारांचा आणि भिंतींचा ऑइलपेंट. आपल्या देशात घरगुती रंगांतील शिशावर कडक मर्यादा नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाली. त्याआधीच्या रंगात शिसे जास्त असू शकते. त्याची पूड लहान मुलांच्या हातांवरून तोंडात जाते आणि त्यांच्या मेंदूच्या वाढीला बाधा आणते. तेव्हा ती पूड ओल्या फडक्याने लगेच टिपून घ्यावी.

भिंत पाहून बिट

चुकीचा बिट वापरला की जोर लावावा लागतो, आणि जोर लावला की अपघात होतो. वीट आणि काँक्रीट यांसाठी कठीण टोकाचा दगडी कामाचा बिट घेऊन मशीन हॅमरवर ठेवावे. लाकूड आणि लोखंड यांसाठी हॅमर बंद करावा. लोखंडावर आधी टोच्याने खूण पाडावी म्हणजे बिट घसरत नाही. पातळ पत्रा हातात धरून भोक पाडू नये, तो बिटाबरोबर गरकन फिरतो आणि बोटे कापतो. तो फळीवर शिकंज्यात आवळून घ्यावा. टाइलवर चिकटपट्टीची फुली मारून, हॅमर बंद ठेवून, टाइलच्या बिटाने सावकाश सुरुवात करावी. टफन्ड काचेला घरी भोक पाडताच येत नाही, तिचा क्षणात चुरा होतो.

भोक किती खोल हवे तेवढ्या अंतरावर बिटाला चिकटपट्टी गुंडाळून खूण करावी. गरजेपेक्षा खोल जाऊ नये. सळई लागली तर जागा बदलावी. सळई कापणे इमारतीला आणि छिन्नी लावणे डोळ्याला वाईट. बाळाच्या पाळण्याचा हूक मात्र प्लॅस्टिकच्या गिट्टीवर कधीही टांगू नये. ते काम जाणकार माणसाकडूनच करून घ्यावे आणि बाळाला ठेवण्यापूर्वी बाळाच्या अनेक पट वजन टांगून पाहावे.

बिट बदलताना मशीनचा प्लग काढावा. चावी चकातच राहिली नाही ना, हे पाहावे. साडीचा पदर खोचावा, ओढणी काढून ठेवावी, मोकळे केस बांधावेत, हातातील बांगड्या, घड्याळ आणि दोरे उतरवावेत. सैल हातमोजे घालू नयेत, फिरता बिट त्यांना गुंडाळून घेतो. हॅमर मशीनचा आवाज शंभर डेसिबलच्या घरात जातो. जास्त भोके पाडायची असतील तर कानांत इअरप्लग घालावेत.

अपघात झालाच तर

डोळ्यात धूळ गेली तर चोळू नये. स्वच्छ पाण्याने धुवावे. भोक बुजवताना ताजे सिमेंट किंवा चुना डोळ्यात गेला तर क्षणाचाही विलंब न करता नळाखाली किमान पंधरा-वीस मिनिटे डोळा धूत राहावे आणि मग डॉक्टरांकडे जावे. कण रुतलेला दिसला तर तो काढण्याचा प्रयत्न करू नये, डोळा दाबू नये. डोळ्याला टेकणार नाही असा कागदी पेला वरून हलकेच चिकटवून त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञ गाठावा. गुलाबपाणी, मध, तूप, आईचे दूध यांपैकी काहीही घालू नये. दुकानातून मनाने आणलेल्या थेंबांत स्टेरॉइड असले तर जखम चिघळते. लोखंड ठोकताना डोळ्यात काही गेले, एवढे डॉक्टरांना आवर्जून सांगावे. त्यावरूनच एक्स-रे किंवा सीटी स्कॅन करायचा की नाही हे ठरते.

शॉक बसून कोणी चिकटले असेल तर त्याला हात लावू नये. आधी मेन स्विच बंद करावा. ते शक्य नसेल तर कोरड्या जागी उभे राहून कोरड्या लाकडाने त्याला वायरपासून दूर करावे. श्वास चालत नसेल तर १०८ ला फोन करून लगेच छातीच्या मध्यभागी दोन्ही हातांनी दाब द्यायला सुरुवात करावी. मिनिटाला शंभर ते एकशेवीस वेळा, सुमारे पाच सेंटिमीटर खोल दाब द्यावा आणि मदत येईपर्यंत थांबू नये. शुद्धीवर असला तरी जोराचा शॉक बसलेल्या माणसाचा ईसीजी काढून घ्यावा. हाताला खोल जखम झाली असेल तर स्वच्छ कापडाने दाबून रक्त थांबवावे आणि धनुर्वाताच्या इंजेक्शनविषयी डॉक्टरांना विचारावे.

जाता जाता पुन्हा त्या मुलाविषयी. आज तो स्वतः वायरिंगची कामे घेतो. एका डोळ्याने अंतराचा अंदाज चुकतो म्हणून सुरुवातीला त्याला फार जड गेले, पण तो टिकून राहिला. गेल्या महिन्यात आमच्या स्वयंपाकघरात पाण्याचा फिल्टर बसवायला मी त्यालाच बोलावले होते. त्याने पिशवी उघडली. सर्वांत वर मशीन नव्हते, दोन पारदर्शक चष्मे होते. एक स्वतःच्या डोळ्यांवर चढवला आणि दुसरा माझ्यापुढे धरून म्हणाला, "डॉक्टरसाहेब, इथं थांबायचं असेल तर आधी हा घाला."

मी मुकाट्याने चष्मा घातला आणि स्टूल धरून उभा राहिलो.